कापलेली चार मिनिटं

“मॅडम, कॉलरचा माइक जरा वर घेते,” मुलाखतकार मुलगी म्हणाली. निवृत्त न्यायाधीशबाईंनी मान उंच केली. नवरा स्वयंपाकघराच्या दारातून कॅमेऱ्याच्या वायरींकडे संशयाने बघत होता.

तासभर सगळं सुरळीत चाललं. बालपण, वडिलांची कारकुनी, कोर्टातली पहिली बाई म्हणून झालेली कुचंबणा. मग मुलीने सहज विचारलं, “कधी निकाल चुकला असं वाटलं?”

“वाटलं नाही. चुकलाच,” बाई म्हणाल्या. “एका सुताराला घरफोडीबद्दल शिक्षा दिली. त्या दिवशी तो दुसरीकडे कामावर होता. हजेरीपत्रक फाइलमध्ये होतं. त्यावर नजर टाकली आणि पान उलटलं. वरच्या कोर्टाने त्याला सोडलं, पण तोवर त्याची आई गेली होती.”

त्या चार मिनिटं बोलल्या.

“कशाला उकरून काढलंस?” कॅमेऱ्याची माणसं गेल्यावर नवरा म्हणाला. “झाकली मूठ होती.”

“मूठ माझी होती. आत दुसऱ्याचं आयुष्य होतं.”

रविवारी मुलाखत लागली. सुताराचा भाग त्यात नव्हता. बाईंनी फोन केला, तेव्हा मुलगी ओशाळली. “वरून सांगितलं मॅडम, कार्यक्रम प्रेरणादायी हवा.”

दुसऱ्या दिवशी बाईंनी सुताराच्या जुन्या वकिलाकडून त्याचा पत्ता मिळवला आणि एकट्याच गेल्या.

सुतार रंधा मशीनवर फळी सरकवत होता. केस पिकले होते. त्याने बाईंना लगेच ओळखलं. मशीन मात्र फळी संपल्यावरच बंद केलं.

“काल टीव्हीवर पाहिलं तुम्हाला,” तो म्हणाला. “छान बोललात.”

“तुमच्याबद्दलही बोलले होते. त्यांनी कापलं.”

“काय बोललात?”

बाई घुटमळल्या. मागे दोन कारागीर दरवाजाच्या चौकटीला पॉलिश करत होते. त्यांचे हात थांबले होते.

“बोला की. हे दोघंही ऐकू देत. यांना वाटतं, आपला मालक सुटला तो वकिलाच्या हुशारीने.”

बाई त्या दोघांकडे वळल्या. “यांनी चोरी केली नव्हती. पुरावा माझ्यासमोर होता. मी नीट वाचला नाही. चूक माझी.”

सुतार खाली बघत अंगठ्याने फळीची कड चाचपत राहिला.

“बरं,” तो शेवटी म्हणाला. त्याने दुसरी फळी उचलली. “जरा बाजूला व्हा बाई, भुसा उडतो.”