सातवी स्लाइड

पॉइंटरचं बटण, काळं, रबराचं, मधोमध झिजून गुळगुळीत झालेलं, अंगठ्याखाली येत होतं आणि घामाने पुन्हा निसटत होतं, आणि पडद्यावर अजून पहिलीच स्लाइड होती: कटिंग विभागातील अपघात, कारणे व उपाय. त्याने ते पँटला पुसलं. समोर अकरा माणसं, अकरा पाण्याच्या बाटल्या, आणि पार मागे, दाराजवळ, इस्त्रीचा गणवेश घालून बसलेले सगळ्या छापखान्याचे मामा, फिटर. ‘कामगारांतर्फे कुणीतरी हवं,’ असं मोठे साहेब म्हणाले होते खरं... पण नेमके हेच?

मामांनी मान हलवली. चाललंय, साहेब.

हा जुना करार. नऊ वर्षांपूर्वी, पहिल्या मीटिंगआधी तो जिन्यात लटपटत उभा होता तेव्हा हेच मामा चिंधीला तेलकट हात पुसत म्हणाले होते, “माझ्याकडे बघून बोला की. मी मान हलवतोय तोवर गाडी रुळावर आहे समजा. घसरली की चष्मा काढीन.” त्यानंतर किती मीटिंगा झाल्या, चष्मा एकदाही निघाला नव्हता.

दुसरी स्लाइड. कागद कापायचं यंत्र, आणि पात्यापुढचा सेन्सर, हात आत गेला की पातं जागच्या जागी थांबवणारा. तिसरी. चौथी. आवाज छान लागला होता. घरी आठ दिवस तालीम चालली होती, बायको स्वयंपाकघरातलं घड्याळ पुढ्यात घेऊन बसायची. “बाकी झकास. फक्त सातव्या स्लाइडपाशी अडखळतोस. तेवढं घोकून घे.” तिला काय माहीत... तिला सांगितलंच कुठे होतं, की तिथे एकच वाक्य आहे आणि ते खोटं आहे. मग त्याने ते दाढी करताना घोकलं, अंघोळीत घोकलं, शेवटी पाढ्यासारखं जिभेवर बसलं आणि त्यातला अर्थ कुठेतरी गळून गेला.

त्या दिवशी सेन्सर उगाचच सारखं यंत्र बंद पाडत होता. माल अडला होता. मी म्हणालो — हो, मीच, दुसऱ्या कुणी नाही — “मामा, आजचा दिवस काढून टाका तो. उद्या बघू.” मामा म्हणाले, “हे बरं नव्हे, साहेब.” आणि मग, “तुम्ही म्हणताय तर.” सगळं तोंडी. नोंदवहीत सही फक्त त्यांची. दुपारी कटिंगवरच्या बाईची चार बोटं गेली. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात. इथे तर चोरच पॉइंटर घेऊन फाशी समजावून सांगत होता.

मामांच्या निवृत्तीला आठ महिने होते. ही स्लाइड दाखवली की त्यांची नोकरी आजच जाणार. न दाखवली तर त्याची.

सहावी. अजून वेळ होता. ‘मीच काढायला सांगितला’ — एवढंच तर म्हणायचं... त्याने घसा साफ केला. मोठ्या साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं. अंगठा दाबला गेला.

“मूळ कारण: फिटरने वरिष्ठांना न कळवता सेन्सर काढला.”

अडखळला नाही. श्वाससुद्धा चुकला नाही.

मामा पडद्याकडे पाहत होते, ओठ हलवत, एकेक शब्द वाचत. वाक्याखाली नोंदवहीच्या पानाचा फोटो होता. आपल्या सहीपाशी त्यांची नजर थांबली. हात वर गेला. काढा, त्याला वाटलं, अगदी पोटातून वाटलं, काढा मामा चष्मा, म्हणजे मी थांबतो, देवाशपथ थांबतो... हात चष्म्यापर्यंत गेला, काडी कानावर नीट बसवली, आणि खाली आला.

मग त्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि मान हलवली.

कळलं नव्हतं त्यांना? की कळूनच? की नुसती नऊ वर्षांची सवय? तो आठव्या स्लाइडवर गेला, नवव्या स्लाइडवर गेला, कुणीतरी “फार मुद्देसूद” म्हणालं, आणि मागे दाराजवळ ती मान हलतच होती, सावकाश, आणि ती थांबत नव्हती म्हणून त्यालाही थांबता येत नव्हतं.