घोरणारी टोपी

दादाच्या फोटो स्टुडिओत तीन आठवडे एक वेडाचार चालला होता. टेबलावर कात्री, दोऱ्याचं रीळ आणि सुई टोचू नये म्हणून बोटात घालायचं अंगुस्तान. त्याची धाकटी बहीण या वस्तू तीळभर सरकवायची, बाजूला व्हायची आणि "हं" म्हणायची. मग दादा कॅमेऱ्याचं हँडल एकदा फिरवायचा. एक फोटो. पुन्हा तीळभर, पुन्हा "हं". असे हजारो फोटो भराभर दाखवले की म्हणे कात्री आपली आपण चालू लागणार. डोकं धाकटीचं, शिवणाचा डबाही तिचाच.

थिएटरच्या मालकाला फिल्म आवडली, तर असल्या गमती करायला तो ती बनवणाऱ्याला कायमचं कामावर घेणार होता. धाकटीचा त्या कामावर जीव होता. आणि एका सकाळी तिने दादाला आरशासमोर घोकताना ऐकलं, "मालक, सगळं मी एकट्याने केलं."

एकट्याने म्हणे. आयत्या बिळावर नागोबा मेला! धाकटीच्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण भांडेल तर ती धाकटी कसली.

जेवण झालं की दादा खुर्चीत पेंगायचा. "हं" ऐकू आलं की हात तेवढा फिरायचा. त्या दुपारी तिने खुंटीवरची त्याची चौकड्यांची टोपी काढली आणि त्याला जाग यायच्या आत परत लावूनही टाकली. फिल्म धुवायची सोय थिएटरातच होती, त्यामुळे दादाला ती आधी बघायला मिळालीच नाही.

पडद्यावर कात्री चालली, रीळ गडगडलं, अंगुस्तानाने टुणकन उडी मारली. मालक हसत होता, दारवान हसत होता, दादा मान डोलावत होता. तेवढ्यात चौकड्यांची टोपी ऐटीत आली, सगळ्यांभोवती एक चक्कर मारली आणि आडवी झाली. वर-खाली, वर-खाली, घोरायलाच लागली की. बाकीचे राबतायत आणि ही झोपलेली! शेवटी अंगुस्तानाने ढकलत ढकलत तिला टेबलाखाली पाडलं.

दिवे लागले. मालकाची नजर दादाच्या डोक्यावर गेली. दादाने टोपी हळूच काढून मांडीखाली सारली.

"टोपी ओळखली," मालक म्हणाला. "अंगुस्तान कुणाचं?"

धाकटीने बोट वर केलं. घरून निघतानाच ती ते घालून आली होती.

"सोमवारपासून या तुम्ही."

"येते. पण दादालाही घ्या," ती म्हणाली. "हँडल फिरवायला कुणीतरी लागतंच."