आलेइदाताईंनी धुतलेला सिनेमा

मित्रांनो, मी डेव्हेंटर गावातला एक जुना प्रोजेक्टर आहे. हाताने फिरवायचा आणि जरा खडखड्या.

लेखक वोल्टर यांनी मला आणलं तेव्हा त्यांच्या दोन कादंबऱ्या छापून झाल्या होत्या. पण त्यांचा जीव सिनेमात अडकला होता, तोही नट नसलेल्या, गोष्ट नसलेल्या सिनेमात! कोऱ्या फिल्मवर ते शाईने ठिपके आणि रेघा काढत. माझा दांडा फिरवला की त्या रेघा भिंतीवर नाचू लागत. तीन हिवाळे खपून त्यांनी सात मिनिटांचा सिनेमा केला. शनिवारी तो गावच्या सिनेमंडळात दाखवायचा होता, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं.

घर सांभाळत त्यांच्या थोरल्या बहीण आलेइदाताई. भारी कामसू बाई. त्या आमच्या खोलीत आल्या की वोल्टर घाईने मला फडक्याने झाकत.

"काय चाललंय रे तुझं?"

"तुला नाही कळायचं ताई. तू कॉफी कर."

"कॉफी तेवढी कळते हो मला!" असं म्हणून ताई त्यांना एकच बिस्किट देत आणि डब्याचं झाकण घट्ट लावत.

आमच्याकडे वसंतात साफसफाईसाठी घरातलं सगळं सामान रस्त्यावर येतं. गाद्या झोडपतात, कपाटं धुतात. त्या गुरुवारी वोल्टर छापखान्यात गेले होते. ताईंच्या हाती ते रीळ लागलं. त्यांनी पट्टी उजेडात धरली.

"अगंबाई, केवढी शाई सांडून ठेवलीय! आणि हे लोकांना दाखवणार?"

कोमट पाणी आणि मऊ साबण घेऊन त्यांनी दुपारभर वीत न् वीत पुसून काढली. मी समोरच होतो. ओरडायला मला तोंड नव्हतं.

संध्याकाळी वोल्टरांनी रीळ चढवलं. भिंतीवर नुसता पांढरा उजेड पडला.

"ताई, माझी तीन वर्षं धुऊन टाकलीस तू!"

ताई दारातच थिजल्या. "मला वाटलं, लोकांत तुझी शोभा होईल. मला एकदा तरी दाखवायचंस रे."

वोल्टरांनी पुन्हा सिनेमा केला नाही. दुसऱ्यांच्या सिनेमांवर मात्र पुष्कळ लिहिलं. ताईंनी त्या खोलीत परत पाऊल टाकलं नाही. त्या लखलखीत घरात धूळ साचलेला मी एकटाच उरलो.

मित्रांनो, जे जिवापाड जपता, ते घरच्यांना आधी दाखवा. मी तयार होतो, भिंत रिकामी होती, ताई दाराबाहेरच होत्या. सात मिनिटांचंच तर काम होतं.