सांगितल्याप्रमाणे घेतल्या

औषधाने माणूस आजारी पडला, की त्याची फाइल तीनपैकी एका वाटेने जाते. गोळी चुकीची, जास्त किंवा दुसऱ्याची घेतली असेल तर विषबाधा. गोळी बरोबर, मात्रा बरोबर, तरी त्रास झाला तर दुष्परिणाम. आणि सांगितल्यापेक्षा कमी घेतली असेल तर अपुरी मात्रा. प्रत्येकाचा कोड वेगळा. हॉस्पिटलच्या मागच्या इमारतीत बसून मी दिवसभर हे कोड टाकते. आमचा एक नियम कडक आहे. डॉक्टरांनी लिहिलं असेल तेवढंच धरायचं, आपल्या मनाचं काही घालायचं नाही. हा नियम मी कामावर पाळते आणि घरी आल्यावर त्याचा सूड उगवते. ऑफिसात मला शंकासुर म्हणतात. म्हणोत बापडे. दिवसभर असल्या फाइली वाचून कुणाचा माणसांवर विश्वास उरतो, ते मला दाखवा.

आई दादाकडे राहायची. तिचं ब्लडप्रेशर काही केल्या उतरेना. दर खेपेला डॉक्टर मात्रा वाढवायचे, एखादी नवी गोळी जोडायचे, आणि पुढच्या खेपेला आकडा आपला तिथेच. माझ्या मनात पाल चुकचुकली. गोळ्या पोटात गेल्या असत्या तर आकडा हलला असता. म्हणजे जात नव्हत्या. आणि गोळ्या द्यायचं काम वहिनीचं. वहिनी बेकरीत कामाला, पहाटे भट्टी पेटायच्या आत तिला पोचावं लागे. खांदा आणि कान यांच्यात फोन धरून, एका हाताने वेणी सावरत गोळ्या काढून देणारी बाई ती. मी मनातल्या मनात कोड टाकून मोकळी झाले. अपुरी मात्रा, काळजी घेणाऱ्याच्या हलगर्जीपणामुळे. असा कोड खरंच आहे, बरं का.

दादाच्या कानावर घातलं तर तो म्हणाला, तू नेहमी सुतावरून स्वर्ग गाठतेस. माझं डोकंच फिरलं. पुढच्या सुट्टीला जाऊन मी आईची बॅग उचलली आणि तिला माझ्याकडे घेऊन आले. गोळ्यांचा डबा वहिनीने भरून दिला होता. झाकण लागत नव्हतं म्हणून त्याला रबरबँड लावला होता.

माझ्याकडे शिस्त होती. सकाळ-संध्याकाळ मी आईपुढे उभी राहायची. गोळी जिभेवर, वर पाण्याचा घोट, मग “आ कर, जीभ वर कर.” आई निमूटपणे सगळं करायची. आकडा उतरायला लागला तशा मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या. फोन करून मी दादाला दोन शब्द ऐकवलेसुद्धा.

आणि एका सकाळी आई बाथरूमच्या दारात कोसळली. हातपाय गार पडलेले, हाका मारल्या तरी डोळे उघडेनात. ॲम्ब्युलन्समध्ये मी तिचा हात धरून बसले. आई जातेय, असंच वाटलं. आणि तेवढ्यातही माझं मन एकाच जागी जाऊन बसलं. डबा वहिनीने भरला होता.

दादा-वहिनी वॉर्डबाहेर धावत आले. वहिनीच्या बाह्यांना पीठ तसंच होतं.

“डब्यात काय भरून दिलंस, वहिनी?” मी विचारलं.

दादाचा चेहरा लालबुंद झाला. मी डॉक्टरीणबाईंना गाठलं आणि म्हटलं, विषबाधा लिहा, गोळ्या दुसऱ्याच कुणीतरी बदलल्या असं लिहा. तसं लिहिलं की पोलिसांना कळवावं लागतं, हे मला चांगलं ठाऊक होतं. ठाऊक होतं म्हणूनच सांगत होते. त्यांनी डबा मागून घेतला आणि चिठ्ठीशी एकेक गोळी ताडून पाहिली. सगळ्या बरोबर निघाल्या. शुद्धीवर आल्या की आधी पेशंटशी बोलू, असं म्हणून त्या आत गेल्या.

दुपारी आई भानावर आली. गोळ्या रोज घेत होता का, असं डॉक्टरीणबाईंनी विचारलं, तर तिने आधी दाराकडे पाहिलं. वहिनी बाहेर बाकावर होती, मी खाटेशी.

“मुलाकडे नव्हते घेत,” आई हळूच म्हणाली. “गालात धरायचे आणि मग फ्लश करायचे. त्या गोळ्यांनी रात्रभर सारखं लघवीला उठावं लागायचं. मला धरून न्यायला सून उठायची. ती पहाटे भट्टीपुढे उभी राहणार. तिला झोप नको?”

नेमकी कोणती गोळी उठवते ते कळेना, म्हणून तिने सगळ्याच बंद केल्या होत्या. डॉक्टरीणबाईंनी विचारलं, मग लेकीकडे का घेतल्या?

“हिला घाबरते मी,” आई म्हणाली.

माझ्या पायाखालची जमीन सरकली. आकडा उतरत नाही म्हणून डॉक्टर मात्रा वाढवत गेले होते. ती सगळी वाढीव मात्रा आईच्या पोटात पहिल्यांदा गेली ती माझ्या घरात, माझ्या डोळ्यांदेखत. डॉक्टरीणबाईंनी लिहिलं, गोळ्या सांगितल्याप्रमाणे घेतल्या, दुष्परिणाम. नातेवाइकाची फाइल आम्हाला करता येत नाही, म्हणून ती शेजारच्या टेबलावर गेली. तिथे तिला कोड मिळाला. चूक कुणाचीच नाही, असा त्याचा अर्थ होतो.

घरी सोडायच्या दिवशी गोळ्या कमी झाल्या होत्या आणि लघवीची गोळी सकाळी द्यायला सांगितली होती. मी आईला म्हटलं, खोली आवरून ठेवलीय. ती म्हणाली, मी सुनेबरोबर जाते. वहिनी बॅग भरत होती. मी तिच्याजवळ गेले.

“वहिनी, मी तसं विचारायला नको होतं.”

तिने बॅगेची चेन लावली. “मलाही विचारलं होतं ताई, डॉक्टरांनी. त्या दिवशी बाजूला घेऊन. आई तुमच्या घरात पडल्या, गोळ्या तुम्ही देत होतात. कुणावर संशय आहे का म्हणाल्या.”

“मग तू काय सांगितलंस?”

“म्हटलं, लेक आहे ती त्यांची. जपूनच दिल्या असतील.”

तिने आईला हाताला धरून उठवलं आणि दोघी लिफ्टकडे गेल्या. मी रिकाम्या खाटेवर बसले आणि रडले.