साहेबाने रापणीचा दोर धरला

“देवाशपथ सांगतो, हे कोणी खरं मानणार नाय,” भिकाजीतात्याने सुरुवात केली. मालगुंडजवळच्या त्या वाडीतली माणसं पुळणीवर, किनाऱ्याच्या वाळूत, नव्या तारेच्या कुंपणाच्या अलीकडे बसली होती. पलीकडे त्यांची रापणीचं लांबलचक जाळं किनाऱ्यावर ओढायची जागा, पणज्यांपासूनची. सकाळी कंपनीच्या माणसाने फाटकाला कुलूप ठोकलं नि सांगितलं, तुमच्या म्होरक्याची संमती आहे, त्यालाच विचारा. रापणीचा म्होरक्या तात्याच.

“त्या दिवशी कंपनीचा साहेब म्हणाला, समुद्रात पवनचक्क्या, किनाऱ्यावर केबल, तुम्ही आमचे भागीदार. मी म्हटलं, भागीदार तर धर दोर! पठ्ठ्याने बूट काढले नि धरला.”

एवढं मात्र खरं होतं. रापणीच्या दोराला ज्याचा हात लागला, त्याला माशात वाटा. आणि वाटा घेणारा वाडीला दगा देत नाही. तात्याच्या सत्तर वर्षांत हे कोणी मोडलं नव्हतं. दोराने साहेबाचे तळहात सोलले तेव्हाच तात्याने मनात म्हटलं, झालं, हा आपला. मग त्याने पुढे केलेला कागद वाचून घ्यायचा कशाला?

“आणि बांगडा असा आला, असा आला, साहेब कमरेपर्यंत गाडला गेला! एका सुरमयीने त्याचा मोबाइल गिळला. पोटातून रिंग वाजतेय!”

“उचलला का कोणी, तात्या?” घोळक्यातल्या दीपकने विचारलं.

“उचलला तर! त्याची बायको. म्हटलं, बाय, साहेब बांगड्यात हायत, मागनं करा.”

हशा पिकला. तात्याला तो संपायला नको होता. तो संपला की माणसं संमतीचं विचारणार.

मासे विकणारी जनी हसली नव्हती. तिची टोपली तिच्याशेजारी पालथी पडली होती.

“आणि कागदाचं काय झालं?”

“कागद?” तात्याने कुंपणाकडे पाठ केली. “साहेबाच्या डोळ्यांत पाणी आलं गो. म्हणाला, तात्या, तुमची जागा कशी घेऊ? माझ्यादेखत फाडला, लाटेत टाकला. ही कुंपणवाली माणसं वेगळीच. उद्या तो येईल बघ, स्वतः कुलूप काढील.”

दीपक कुंपणाकडे बघू लागला.

“खोटं, तात्या,” जनी म्हणाली. “सकाळी फाटकावर त्या माणसाने मला कागद दाखवला. अख्खा हाय. आम्हां सगळ्यांची नावं हायत, नि खाली तुमची एकट्याची सही.”