काचेच्या पेटीतला रोग

अकोल्याच्या सरकी बाजारामागे त्या रविवारी उभं राहायला जागा नव्हती. मांडवात काचेची मोठी पेटी, पेटीत मीठ घातलेलं पाणी, पाण्यात दोन सळया आणि त्यांच्या मधोमध एका म्हातारीचे पाय. विजेश्वर महाराजांनी खटका दाबला. बुडबुडे उठले, पाणी हिरवट झालं आणि बघता बघता तांबूस गाळाने भरून गेलं.

"पाहा, पाहा! चाळीस वर्षांचा चुलीचा धूर छातीतून तळपायात उतरून राहिला! डाक्टर सुया टोचून रोग आत दाबते, आमी बाहेर ओढतो!"

"बापा बापा!" बायकांनी गालांवर हात ठेवले.

ती म्हातारी म्हणजे देवीदासची आई, केशरबाई. देवीदास सकाळच्या गाडीनेच मद्रासहून आला होता. पाणी विजेने फोडून त्यातून धूर न करणारा जळणाचा वायू काढायचा, या कामात त्याची तिथल्या प्रयोगशाळेत सहा वर्षं गेली होती. आईच्या चुलीपाशी डोळे चोळत शिकलेल्या मुलाने मुद्दाम धरलेलं काम. पण सळया झिजत, असाच गाळ साचे, आणि मार्चपासून काम बंद करण्याचा हुकूम त्याच्या खिशात होता.

"माय, चार महिने सुई घेतली नाईस?"

केशरबाईला क्षय होता. त्या काळी क्षयावरची सुई सरकारी दवाखान्यात फुकट मिळे, पण रोज दोन मैल चालावं लागे.

"काहून घेऊ? लय दुखते. आन् हे निघून राहिलं ना."

"छप्पन साली बुद्धाची दीक्षा घेतली तवा तूच घरातले देव नदीत टाकले. आता बाबापाशी बसतं?"

केशरबाई भडकली. "बाबा कायचा? अंगारा नाई, नारळ नाई, कोंबडं नाई. तुह्यावानी तारा लावते तो. म्हनून तं आली मी! तुह्यं सायन्स खोटं हाय का?"

देवीदास पुढे झाला.

"महाराज, पाणी बदलू. सळया त्याच, मीठ तेच. फक्त पाय कोणाचेच नकोत."

"रोग्याबिगर यंत्र चालत नाई."

"नाई चालत तं दाबा ना खटका, भेव कायचं?" गर्दीतून खुशालराव शिंपी ओरडला. लोक हसले. महाराजांचा हात काही हलेना. देवीदासनेच पाणी बदललं, मूठभर मीठ टाकलं, खटका दाबला.

बुडबुडे. हिरवट रंग. तांबूस गाळ.

"खाली मोटारची बॅटरी आहे," तो म्हणाला. "मिठाच्या पाण्यातून वीज गेली की लोखंडाची एक सळई झिजते. हा तिचा गंज. हात लावून पाहा, एक सळई कशी बारीक झाली."

महाराज हसले. "एवढे रोगी भवताल बसले. हवेतलाच रोग उतरला, दुसरं काय!"

"खरंच तं," कोणी तरी म्हणालं. रांग पुन्हा लागली. खुशालराव बायकोला घेऊन तीत उभा राहिला.

केशरबाईने मात्र सळई चाचपून पाहिली आणि चपला घातल्या. सोमवारी मुलाचा हात धरून ती दवाखान्यात गेली. डॉक्टरांनी छातीचा एक्स-रे फोटो उजेडाला धरला. औषध अर्ध्यावर सोडल्याने रोग त्याला सरावला होता; आता ती सुई लागू पडणार नव्हती आणि दुसरं औषध मिळत नव्हतं.

"पहिलेच रिकामं पानी पाह्यलं असतं तं?" पावसाळ्यात एकदा धाप लागलेली असताना तिने विचारलं.

"मी तुले कधी सांगितलंच नाई, माय, कसं पाह्यचं ते."

पोळ्याआधी ती गेली. महाराजांनी त्याच वर्षी अमरावतीत, राजापेठेत, दोन पेट्या मांडल्या.

तारा आणि बॅटरी दिसली म्हणजे ते विज्ञान, असं समजू नका. कोणी तुमचा रोग पाण्यात काढून दाखवला, तर माणूस न बसवता तेच करून दाखवायला सांगा. आणि तो दाखवो न दाखवो, सुई चुकवू नका.