चौथा खांदा

बच्चितर सिंगचं अपील फेटाळलं गेलं त्या दिवशी तो चांगला ठणठणीत होता. कोर्टात जायला निघालाही होता, पण शेजारच्या अजैब सिंगच्या दारात माणसं जमलेली दिसली. अजैबची आई गेली होती.

हाच अजैब त्याचा प्रतिवादी. मधली मोकळी जागा विकायचा करार करून, रस्ता रुंद होऊन भाव चढताच फिरलेला. नवऱ्यानं टाकलेल्या लेकीसाठी बच्चितरला तिथं दोन खोल्या बांधायच्या होत्या. खालच्या कोर्टात बच्चितर हरला, म्हणून हे अपील. तेव्हापासून दोघांत बोलणं बंद. पण बेबेनं, अजैबच्या आईनं, कुणाचं काय वाकडं केलं होतं? बच्चितरची आई लहानपणीच गेली, तेव्हा याच माउलीनं तूप-गूळ घालून कुस्करलेली रोटी त्याला भरवली होती. त्यानं तिच्या तिरडीला चौथा खांदा दिला.

प्रतिवादीच्याच घरी मयत, आज कोर्टात कोण मरायला जातंय, असं त्याला वाटलं. भोळा सांबच! अजैबच्या वकिलाला कुणी कळवलंच नव्हतं. तो वेळेवर हजर. फरीदकोटच्या कोर्टात पुकाऱ्याकडे कान लावून दाराशी बसायचं ते पक्षकारानं, आणि नाव येताच वकिलाला हाकारायचं. दाराशी कुणी नव्हतं. झालं, अपील गैरहजेरीपायी फेटाळलं.

"पुन्हा उभं करू की," त्याचे वकील बत्रा म्हणाले. "तापानं फणफणला होतास असं लिहू. डॉक्टरचा दाखला मी आणतो."

"ताप कुठला? मी मयताला होतो."

"विरोधकाच्या आईच्या? जज हसेल! आणि अजैब 'होय' म्हणेल होय? तो शब्दाचा पक्का असता, तर तू इथं कशाला आला असतास?"

हे मात्र बच्चितरला पटलं. त्यानं सही ठोकली.

सुनावणीला अजैब स्वतः आला. जजनं प्रतिज्ञापत्र वाचलं : तापामुळं दिवसभर घराबाहेर पडलो नाही. अजैबचा वकील हरकत घ्यायला उठत होता. अजैबनं त्याची बाही धरली.

"खरंय साहेब. तापातच होता. मी शेजारीच राहतो."

अपील पुन्हा दाखल झालं. बत्रांनी खुशीत बच्चितरच्या पाठीवर थाप मारली. बच्चितरला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाहेर चहाच्या टपरीपाशी त्यानं अजैबला गाठलं.

"तू खोटं का बोललास?"

"मी? अरे वा रे शहाण्या! तुझंच खोटं मी निभावून नेलं. खरं लिहिलं असतंस, तर तेही सांगितलं असतं. बेबेला याच्या खांद्यावरून नेलं, म्हणून छातीठोक सांगणार होतो. त्यासाठीच तर आलो होतो."

"चल परत. जजला सांगतो, मी मयताला होतो म्हणून. अपील गेलं खड्ड्यात."

"आणि लेकीच्या खोल्या?"

कोर्टाकडे निघालेला बच्चितर थबकला. अजैबनं स्कूटर चालू केली.

"जाऊ दे. मी तिचा मुलगा, मी म्हटलं तू नव्हतास. आता नव्हतासच."